थार्राचा गोल नेमका कोणाचा?

#इतिहास #दीर्घधागा

२ जुलै १९५०. रिओ दि जानेरोचे माराकाना मैदान. विश्वचषकाच्या गटसाखळीत स्पेन विरुद्ध इंग्लंड. उत्तरार्ध नुकताच सुरू झालेला. उजव्या बगलेवरून बचावपटू गाब्रिएल आलोन्सो याने चेंडू उंच उचलून दिला, डावीकडे गाइन्थाने तो डोक्याने खाली उतरवला आणि धावत आलेल्या मधल्या आघाडीवीराने गोलरक्षक बर्ट विल्यम्सला चकवून आत ढकलला. स्पेन १, इंग्लंड ०. सामना याच गोलवर संपला.

हा गोल करणारा तेल्मो थार्रा. इतिहासविषयक लेखनात या गोलाचे वर्णन पुष्कळदा 'फ्रँकोचा गोल' असे आढळते : हुकूमशहाला हवा असलेला विजय त्याच्या खेळाडूने मिळवून दिला, एवढीच मांडणी. मला ती मान्य नाही. आणि तिला उत्तर म्हणून जी दुसरी मांडणी केली जाते, की थार्राचा बिल्बाओ संघ म्हणजे हुकूमशाहीविरुद्धचा मूक प्रतिकार, तीही मला तितकीच कच्ची वाटते. का, ते सविस्तर सांगतो. धागा लांब आहे, सावकाश वाचावा.

प्रथम नावाविषयी. रोमन लिपीतले नाव वाचून आपण सहज 'झारा' म्हणून बसतो आणि डोळ्यांसमोर भज्यांचा घाणा येतो. स्पॅनिश उच्चार 'थार्रा'च्या जवळचा आहे, म्हणून येथे तोच वापरतो. पूर्ण आडनाव थार्राओनांदिया. हे बास्क आडनाव आहे, आणि पुढचे सारे समजण्यासाठी ही गोष्ट महत्त्वाची आहे.

बास्क प्रदेश म्हणजे स्पेनचा उत्तरेकडचा, फ्रान्सच्या सीमेला भिडलेला मुलूख. भाषा स्वतंत्र, इतकी स्वतंत्र की युरोपातील कोणत्याही जिवंत भाषेशी तिचे नाते सिद्ध झालेले नाही. बिल्बाओ हे तेथील लोखंडाचे, जहाजबांधणीचे आणि बंदराचे शहर. त्याला लागून असलेल्या एरांदिओ परिसरात, आसुआ येथे, २० जानेवारी १९२१ रोजी थार्राचा जन्म झाला. वडील रेल्वेत स्टेशनमास्तर.

आता त्याच्या वयाचा हिशेब मांडू, कारण माझा सारा युक्तिवाद या हिशेबावर उभा आहे.

जुलै १९३६ मध्ये सेनाधिकाऱ्यांनी प्रजासत्ताकाविरुद्ध बंड केले आणि स्पेनचे यादवी युद्ध पेटले. थार्रा तेव्हा पंधरा वर्षांचा होता. २६ एप्रिल १९३७ रोजी जर्मन आणि इटालियन विमानांनी गेर्निका हे बास्क गाव बेचिराख केले. थार्रा सोळा वर्षांचा. १९ जून १९३७ रोजी बिल्बाओ फ्रँकोच्या फौजांच्या हाती पडले. तेव्हाही सोळाच. म्हणजे ज्या काळात त्याच्या प्रदेशातल्या प्रत्येक प्रौढ माणसाला 'तू कोणत्या बाजूचा?' या प्रश्नाचे उत्तर द्यावे लागले, त्या काळात तो शाळकरी वयाचा पोरगा होता.

त्याच्याआधीच्या पिढीतील फुटबॉलपटूंना मात्र हा प्रश्न चुकला नाही. ही कथा मला या साऱ्या प्रकरणाचा गाभा वाटते, म्हणून येथे थोडा थांबतो.

होसे आंतोनिओ आगिर्रे हे बास्क स्वायत्त सरकारचे पहिले अध्यक्ष. ते तरुणपणी स्वतः बिल्बाओच्या अ‍ॅथलेटिक क्लबकडून खेळलेले. युद्ध ऐन भरात असताना त्यांच्या सरकारने बास्क खेळाडूंचा एक संघ परदेशी पाठवला. हेतू दोन : बास्क जनतेची बाजू जगापुढे मांडणे आणि युद्धग्रस्तांसाठी निधी गोळा करणे. या संघाचा पहिला सामना पॅरिसमध्ये झाला आणि त्यांनी रेसिंग क्लबला ३-० असे हरवले. तिन्ही गोल इसिद्रो लांगाराचे. सामन्याची तारीख : २६ एप्रिल १९३७. गेर्निकावर बॉम्ब पडले तोच दिवस.

पुढे बिल्बाओ पडले. ज्या सरकारने संघ पाठवला त्याला स्वतःचा प्रदेशच उरला नाही. खेळाडू मात्र फिरत राहिले. सोव्हिएत संघात खेळले, पुढे अटलांटिक ओलांडून मेक्सिकोत गेले आणि १९३८-३९ चा हंगाम तेथील साखळी स्पर्धेत 'एउस्कादी' या नावाने खेळून दुसरे आले. देश नसलेला संघ परक्या देशाच्या साखळीत उपविजेता ठरतो, याला फुटबॉलच्या इतिहासात फारशी तोड नसावी.

यातील बहुतेकांनी पुढची कारकीर्द लॅटिन अमेरिकेत घालवली. मोजके परत फिरले. अ‍ॅथलेटिकचा नामवंत डावा आघाडीवीर गिलेर्मो गोरोस्तिथा हा त्यांपैकी एक. तो थेट फ्रँकोच्या बाजूला गेला आणि त्या पक्षाच्या फौजेत दाखल झाला. एकाच ड्रेसिंग रूममधले हे लोक. एक मेक्सिकोत निर्वासित, एक विजेत्यांच्या गणवेशात. दोघांनीही निवड केली होती आणि त्या निवडीबद्दल इतिहासकार त्यांना प्रश्न विचारू शकतो.

थार्रा या निवडीनंतर आला. तो आला कारण जागा रिकाम्या होत्या.

१९३०च्या दशकात चार वेळा साखळी जिंकणारा अ‍ॅथलेटिक क्लब युद्ध संपले तेव्हा मोडून पडला होता. संघातली बहुतेक मोठी नावे उरली नव्हती. क्लबचा दंडक असा की खेळाडू बास्क मातीतलाच हवा. बाहेरून विकत आणणे नाही. तेव्हा आसपासच्या छोट्या क्लबांमधून कोवळी पोरे वेचण्यावाचून गत्यंतर नव्हते. एरांदिओकडून खेळणारा एकोणीस वर्षांचा थार्रा असा १९४० मध्ये अ‍ॅथलेटिकमध्ये आला. २९ सप्टेंबर १९४० रोजी वालेन्सियाविरुद्ध साखळीतला त्याचा पहिला सामना झाला. निकाल २-२. दोन्ही गोल थार्राचे.

आणि पुढच्याच वर्षी ज्या क्लबात तो आला होता त्याचे नाव बदलले. परकीय शब्द नकोत, असा राजवटीचा हुकूम. 'अ‍ॅथलेटिक' हा इंग्रजी शब्द, म्हणून १९४१ पासून क्लब 'आत्लेतिको दे बिल्बाओ' झाला. मूळ नाव परत यायला १९७२ उजाडले. थार्राची त्या क्लबातील जवळजवळ सारी कारकीर्द या लादलेल्या नावाखाली गेली. चषक स्पर्धेचेही नाव बदलून 'जनरलिसिमो चषक' झाले होते. जनरलिसिमो म्हणजे फ्रँको. देशातील सारे क्रीडाविश्व फालांखे या एकमेव अधिकृत पक्षाच्या अमलाखाली आले आणि त्यावर जनरल मोस्कार्दो या सेनानीची नेमणूक झाली. राष्ट्रीय संघाचा परंपरागत लाल सदरा काही वर्षे बाजूला पडून पक्षाच्या रंगाचा निळा सदरा आला. सामन्याआधी हात उंचावून सलामी. बास्क भाषेचा सार्वजनिक वापर दडपला गेला आणि मुलांना बास्क नावे ठेवणेही बेकायदा ठरले.

या चौकटीत थार्रा खेळला. कसा खेळला, हेही पाहिले पाहिजे, नाहीतर आपण राजकारणाच्या नादात खेळाडूलाच विसरू.

साखळीत २५१ गोल, तेही पावणेतीनशेहून थोड्याच अधिक सामन्यांत. (जुन्या याद्यांत २५२ असाही आकडा सापडतो, त्या काळी गोल कोणाच्या नावावर लिहायचा हे पुष्कळदा दुसऱ्या दिवशीचे वृत्तपत्र ठरवत असे.) सहा हंगामांत सर्वाधिक गोल. १९५०-५१ च्या हंगामात ३० सामन्यांत ३८ गोल. चषक स्पर्धेत ८१ गोल. देशासाठी २० सामन्यांत २० गोल, त्यात फेब्रुवारी १९५१ मध्ये स्वित्झर्लंडविरुद्ध एकाच सामन्यात चार. साखळीतील त्याचा एकूण गोलांचा विक्रम २२ नोव्हेंबर २०१४ रोजी लिओनेल मेस्सीने मोडला. तोवर तो जवळजवळ साठ वर्षे अबाधित होता. ३८ गोलांची बरोबरी १९८९-९० मध्ये हुगो सांचेथने केली, पण त्याला थार्रापेक्षा अधिक सामने मिळाले होते.

इरिओन्दो, वेनान्थिओ, थार्रा, पानिथो, गाइन्था. ही पाच नावे बिल्बाओत आजही एका दमात घेतली जातात. पानिथो कल्पक, गाइन्था चपळ आणि मधोमध थार्रा : ओबडधोबड, ताकदवान, हवेत अजिंक्य. डोक्याने गोल करण्यात त्याचा हात धरणारा कोणी नव्हता. (हे वाक्य लिहून झाल्यावर त्यातली गंमत ध्यानात आली, पण राहू द्या.) चर्चिलनंतर युरोपातले सर्वांत चांगले डोके थार्राचे, असे त्याच्याविषयी म्हटले जाई.

त्याच्या सचोटीचाही एक किस्सा सांगतात. मालागाविरुद्धच्या सामन्यात प्रतिस्पर्धी खेळाडू जखमी होऊन पडला, समोर गोल मोकळा होता, आणि थार्राने चेंडू मुद्दाम मैदानाबाहेर मारला. मालागा क्लबने या कृतीसाठी त्याला आपले सुवर्णचिन्ह दिले.

आता राजवट आणि मैदान यांच्या नात्याकडे वळू. 'हुकूमशाहीत सगळे वरूनच ठरत असे' हा समज किती ढोबळ आहे ते १९४३ च्या चषकावरून दिसते. उपांत्य फेरीत रिअल माद्रिदने बार्सेलोनाला ११-१ असे हरवले. हा सामना आजही वादग्रस्त आहे. बार्सेलोनाच्या खेळाडूंना धमकावल्याचे सांगितले जाते. त्यावरून कोणालाही वाटेल की चषक माद्रिदसाठीच राखलेला होता. प्रत्यक्षात अंतिम सामन्यात बिल्बाओने माद्रिदला जादा वेळेत १-० असे हरवले. गोल थार्राचा. त्या वर्षी साखळीही बिल्बाओनेच जिंकली होती. पुढे १९४४ आणि १९४५ चे चषकही त्यांचेच. गेर्निकाच्या प्रदेशातला, केवळ बास्क खेळाडूंचा संघ फ्रँकोच्या नावाचा चषक लागोपाठ तीन वर्षे घेऊन जात होता.

याचा अर्थ काय लावायचा? प्रतिकार? बिल्बाओच्या प्रेक्षकाला तसे वाटले असेल तर नवल नाही. जेथे सभा भरवता येत नाही, झेंडा फडकवता येत नाही, तेथे सान मामेसच्या गर्दीत उभे राहून 'आपल्या' अकरा पोरांसाठी ओरडण्याला अर्थ होता. पण त्याच अकरा पोरांकडे राजवट वेगळ्या डोळ्यांनी पाहत होती. तिच्या लेखी हा संघ 'अस्सल स्पॅनिश' होता : एकही परदेशी नाही, खेळ धसमुसळा, शरीर झोकून देणारा, मागे न हटणारा. या खेळाला स्पेनमध्ये 'फुरिया', म्हणजे रौद्र आवेश, असे नाव होते आणि राजवटीच्या वृत्तपत्रांनी त्याला वंशाच्या गुणाचा दर्जा दिला.

येथे इतिहासाने एक चिमटा काढून ठेवला आहे. 'फुरिया'ची दंतकथा सुरू झाली १९२०च्या अँटवर्प ऑलिंपिकमध्ये, स्वीडनविरुद्ध बेलाउस्ते याने अंगावर आलेल्यांसह चेंडू गोलात नेला त्या प्रसंगातून. हा बेलाउस्ते बिल्बाओचा, आणि पक्का बास्क राष्ट्रवादी. यादवी युद्धानंतर तो मेक्सिकोत निर्वासित झाला आणि तेथेच वारला. ज्या आवेशाला फ्रँकोचे लेखक स्पॅनिश रक्ताची खूण म्हणत होते, त्या आवेशाचा मूळ पुरुष फ्रँकोमुळे देशाबाहेर पडलेला होता.

म्हणजे एकाच संघाकडे, एकाच वेळी, दोन परस्परविरुद्ध समूह अभिमानाने पाहत होते. यांतला कोणताही अर्थ थार्राने मांडलेला नाही. दोन्ही त्याच्यावर घातलेले आहेत.

आणि आता १९५०.

त्या वर्षीचा स्पेन कसा होता? युद्ध संपून अकरा वर्षे झाली तरी रेशनकार्डे चालू होती. हिटलर-मुसोलिनीच्या मदतीने सत्तेवर आलेल्या राजवटीला जगाने वाळीत टाकले होते. १२ डिसेंबर १९४६ च्या ठरावाने संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने सदस्यदेशांना माद्रिदमधून राजदूत परत बोलावण्याची शिफारस केली होती. मार्शल योजनेच्या मदतीतूनही स्पेन वगळला गेला होता. अशा देशाचा संघ ब्राझीलला गेला.

थार्रा तेव्हा ऐन बहरात होता. मे महिन्याच्या अखेरीस चषकाच्या अंतिम सामन्यात त्याने वायादोलिदविरुद्ध बिल्बाओचे चारही गोल केले होते. ब्राझीलमध्ये स्पेनने अमेरिकेला ३-१, चिलीला २-० असे नमवले. दोन्ही सामन्यांत थार्राचा एकेक गोल. समोर इंग्लंड. फुटबॉलचे जनक म्हणवणारे, पहिल्यांदाच विश्वचषकात उतरलेले आणि तीनच दिवसांपूर्वी अमेरिकेकडून हरून जगाच्या चेष्टेचा विषय झालेले. स्टॅनली मॅथ्यूज, टॉम फिनी यांसारखे खेळाडू संघात असूनही ते गोल करू शकले नाहीत. बार्सेलोनाच्या रामालेत्सने गोल अडवून धरला. बार्सेलोनाचा कातालान गोलरक्षक आणि बिल्बाओचा बास्क आघाडीवीर, या दोघांनी मिळून फ्रँकोच्या स्पेनला त्याचा सर्वांत मोठा विजय दिला, असे म्हणता येईल.

आता नीट पाहा, 'फ्रँकोचा गोल' हा शब्दप्रयोग कुठून येतो. तो मैदानातून येत नाही. सामना संपल्यावर स्पॅनिश फुटबॉल महासंघाचे अध्यक्ष मुन्योथ कालेरो यांनी फ्रँकोला संदेश दिला की आपण 'दगाबाज आल्बिओन'ला हरवले आहे. 'दगाबाज आल्बिओन' ही इंग्लंडसाठीची जुनी शिवी. तिच्यामागे जिब्राल्टर होते, आरमारी लढाया होत्या, शतकांचा राग होता. एका वाक्यात महासंघाच्या अध्यक्षाने एका फुटबॉल सामन्याची लढाई केली आणि तिचा विजय सेनापतीच्या पायाशी ठेवला.

देशातील लोकांनी हा सामना पाहिला नाही. दूरदर्शन नव्हतेच. त्यांनी तो मातियास प्रात्स या रेडिओ समालोचकाच्या आवाजात ऐकला आणि नंतर सरकारी वृत्तपटातून, सरकारी नजरेखालच्या वृत्तपत्रांतून पुन्हा पुन्हा अनुभवला. गोल थार्राचा. आवाज प्रात्सचा. अर्थ मुन्योथ कालेरोचा. इतिहास वाचताना या तीन गोष्टी वेगळ्या ठेवणे मला अत्यावश्यक वाटते, आणि नेमके तेच आपण करत नाही. आपण 'फ्रँकोचा गोल' असे लिहितो तेव्हा आपल्याला वाटते की आपण हुकूमशाहीची पोलखोल करत आहोत. वास्तविक आपण महासंघाच्या त्या अध्यक्षाचे वाक्य सत्तर-पंचाहत्तर वर्षांनी जसेच्या तसे मान्य करत असतो. गोल फ्रँकोचा आहे असा दावा प्रथम फ्रँकोच्याच माणसाने केला होता!

या गोलाने राजवटीला काही प्रत्यक्ष लाभ झाला का? ४ नोव्हेंबर १९५० रोजी, म्हणजे चारच महिन्यांनी, संयुक्त राष्ट्रांनी राजदूतांविषयीची ती शिफारस मागे घेतली. तारखा शेजारी ठेवल्या की कार्यकारणभाव आपोआप दिसू लागतो, सावध राहावे. त्या बदलामागे शीतयुद्ध होते, कोरियातले युद्ध होते, भूमध्य समुद्राच्या तोंडाशी कम्युनिस्टविरोधी मित्र हवा असलेली अमेरिका होती. १९५३ मध्ये अमेरिकेने स्पेनशी लष्करी तळांचा करार केला. यात थार्राच्या उजव्या पायाचा काही वाटा नाही.

जाता जाता आपल्या देशाचा एक धागा. हाच तो विश्वचषक, ज्यात भारताला प्रवेश मिळाला होता आणि भारत गेला नाही. भारत इटली, स्वीडन आणि पॅराग्वे यांच्या गटात होता. त्यातून पुढे गेलेल्या स्वीडनने शेवटच्या फेरीत स्पेनला ३-१ असे हरवले. स्पेनचा एकमेव गोल पुन्हा थार्राचा. 'अनवाणी खेळू दिले नाही म्हणून भारत गेला नाही' ही कथा आपण लहानपणापासून ऐकत आलो. अभ्यासकांना ती पटत नाही. आपल्या महासंघाला ऑलिंपिकपुढे या स्पर्धेचे महत्त्वच वाटले नव्हते, हे अधिक संभवनीय कारण. पण अनवाणी पायांचे चित्र गोड आहे, म्हणून तेच टिकले. 'फ्रँकोचा गोल' असाच टिकला.

स्पेन त्या स्पर्धेत चौथा आला. उरुग्वेशी बरोबरी, ब्राझीलकडून ६-१ असा दारुण पराभव, स्वीडनकडून हार. हे आकडे राजवटीच्या आठवणीत फारसे राहिले नाहीत. एकच गोल राहिला. तरीही चौथे स्थान ही २०१० पर्यंत स्पेनची विश्वचषकातील सर्वोच्च कामगिरी होती, हेही नोंदवायला हवे.

येथे एक आक्षेप येईल आणि तो रास्त आहे. 'थार्रा गप्प राहिला. त्याने सलामी दिली, जनरलिसिमो चषक स्वीकारला, राष्ट्रीय संघातून खेळला. गप्प राहणे म्हणजे साथ देणेच नव्हे काय?'

मी या आक्षेपाला टाळू इच्छित नाही. हुकूमशाही केवळ बंदुकीवर चालत नाही. रविवारच्या दुपारी भरलेल्या मैदानांवरही चालते. थार्राच्या गोलांनी त्या दुपारी भरल्या, हे खरे. पण मग न्यायाचा काटा सर्वांना सारखाच लावावा लागेल. त्या मैदानात तिकीट काढून बसलेला जहाजकामगार, ज्याचा भाऊ कदाचित तुरुंगात होता, तोही साथीदार? त्याच्या रविवारच्या आनंदाला आपण गुन्हा म्हणणार? ज्यांनी निवड केली त्यांना निवडीबद्दल विचारा : आगिर्रे, लांगारा, गोरोस्तिथा. ज्याने हुकूमशहाला संदेश दिला त्याला त्या संदेशाबद्दल विचारा. सोळाव्या वर्षी ज्याचे शहर पडले आणि एकोणिसाव्या वर्षी ज्याच्या हाती फुटबॉल एवढेच आले, त्याला मात्र त्याने न बोललेल्या वाक्यांबद्दल दोषी धरू नका. आणि न बोललेल्या वाक्यांबद्दल त्याला वीरही ठरवू नका. हा दुसरा मोह बास्क बाजूच्या लेखनात दिसतो आणि तो मला पहिल्याइतकाच खटकतो, कारण त्याने खऱ्या प्रतिकाराची किंमत कमी होते. मेक्सिकोत मेलेल्या बेलाउस्तेने काहीतरी गमावले होते. ते आणि बिल्बाओत गोल करणे एकाच मापाने मोजता येत नाही.

प्रतिकार दिसतो तेव्हा तो कसा दिसतो, याचे उदाहरण त्याच क्लबात आहे. ५ डिसेंबर १९७६. फ्रँकोला जाऊन वर्ष झालेले. सान सेबास्तियान येथे रेआल सोसिएदाद आणि अ‍ॅथलेटिक हा बास्क शेजाऱ्यांचा सामना. दोन्ही संघांचे कर्णधार, इरिबार आणि कोर्ताबारिया, बास्क ध्वज धरून मैदानात आले. तो ध्वज त्या दिवशीही बेकायदा होता. ते कृत्य होते, त्याला तारीख आहे, त्याला धोका होता. थार्राच्या कारकिर्दीत असे काही घडले नाही. १९४०च्या दशकात ते घडवणाऱ्याचे काय झाले असते, याची कल्पना मात्र करावी.

थार्राचा उरलेला काळ थोडक्यात. राष्ट्रीय संघातून तो १९५१ नंतर खेळला नाही. १९५२-५३ मध्ये २४ गोलांसह तो पुन्हा एकदा साखळीत अव्वल ठरला. 'मार्का' या क्रीडापत्राने सर्वाधिक गोलांसाठी 'पिचिची' चषक देण्यास सुरुवात केली ती याच हंगामापासून. पिचिची हे बिल्बाओच्याच, १९२२ मध्ये अकाली वारलेल्या एका आघाडीवीराचे टोपणनाव. १९५५ मध्ये त्याने अ‍ॅथलेटिक सोडले. नंतर इंदाउचू आणि बाराकाल्दो या बिल्बाओ परिसरातल्याच छोट्या क्लबांकडून दोन हंगाम खेळला आणि थांबला. पुढे बिल्बाओत क्रीडासाहित्याचे दुकान चालवले. २३ फेब्रुवारी २००६ रोजी, वयाच्या पंच्याऐंशीव्या वर्षी, त्याचे निधन झाले.

ज्या वर्षी तो गेला त्याच हंगामापासून साखळीत सर्वाधिक गोल करणाऱ्या स्पॅनिश खेळाडूला 'थार्रा चषक' दिला जाऊ लागला. 'स्पॅनिश' हा शब्द महत्त्वाचा. पिचिचीसाठी कोणत्याही देशाचा खेळाडू चालतो, थार्रा चषकासाठी नाही. हा चषकही 'मार्का'च देते. ते पत्र सुरू झाले होते डिसेंबर १९३८ मध्ये, युद्ध चालू असताना, फालांखेच्या छत्राखाली. आज ते एक सामान्य खासगी क्रीडापत्र आहे. आणि त्याचा थार्रा चषक बास्क खेळाडूंनीही जिंकला आहे. अ‍ॅथलेटिकचा आरित्थ आदुरिथ हा त्यांतला एक.